एक गाडी, एक पान : आमच्या गॅरेजची वाटचाल

आमच्या टेबलामागच्या कपाटात लाल कापडी बांधणीच्या सतरा वह्या आहेत. पहिलीवर माझ्या वडिलांच्या, म्हणजे अण्णांच्या अक्षरात '१९८९' लिहिलंय आणि तिच्या पहिल्याच पानावर एक पांढरी मारुती ८०० आहे. गाडीचा नंबर, किलोमीटर, ऑइल कधी बदललं, रेडिएटरमध्ये पाणी किती टाकावं लागलं, प्लग-पॉइंट कधी साफ केले. मालकाचं नाव सगळ्यात खाली. अण्णांचं म्हणणं असं की मालक बदलला तरी गाडीची खोड तिच्याबरोबरच जाते, म्हणून पान गाडीच्या नंबरानं.

अण्णांनी त्याआधी बारा वर्षं दुसऱ्याच्या गॅरेजात काढली. प्रीमियर पद्मिनी आणि अ‍ॅम्बॅसेडर खोलता खोलता हात तयार झाला. मग सोलापुरात अक्कलकोट रस्त्याला लिंबाच्या झाडाखाली पत्र्याची शेड टाकली, एक पानांचा सेट, एक जॅक आणि दोन लाकडी ठोकळे घेऊन. त्या दिवसांत सोलापूरचे जुने कारागीर मारुतीला हात लावायला बिचकायचे. आठशेचं इंजिन ७९६ सीसीचं, तीनच सिलिंडर, ताकद जेमतेम चाळीस अश्वशक्ती. पद्मिनीची ताकदही साधारण तेवढीच, पण चार सिलिंडर, १०८९ सीसी आणि अंगानं कितीतरी जड. लोकांना वाटायचं, एवढंसं इंजिन तुळजापूरचा घाट काय चढणार? अण्णांनी पहिल्याच महिन्यात त्या पांढऱ्या गाडीत मालकासह चार माणसं बसवून घाट चढून दाखवला. गाडीचं वजनच साडेसहाशे किलोच्या आसपास, मग तिला ओढायचं तरी किती होतं! ताकदीचा आकडा वजनाच्या शेजारी ठेवल्याशिवाय वाचायचा नाही, हे मी शाळेत असताना त्यांच्याकडून शिकलो. आजही शोरूममधून आलेला कागद कोणी पुढे केला की माझा डोळा आधी वजनाच्या रकान्याकडे जातो.

ती पांढरी आठशे बँकेत नोकरी करणाऱ्या एका साहेबांची. त्यांच्या घरातल्या पुढच्या सगळ्या गाड्या आमच्याकडेच आल्या, म्हणून आमची वाटचाल सांगताना त्यांच्या गाड्यांच्या पानांवरून सांगणं मला सोपं जातं.

सोलापूर इंजिनाची परीक्षा घेणारं गाव आहे. एप्रिल-मेमध्ये पारा बेचाळीसच्या वर जातो आणि बोअरचं पाणी इतकं जड की बादलीच्या कडेला पांढरा थर धरतो. तेच पाणी वर्षानुवर्षं रेडिएटरमध्ये ओतलं जायचं. नळ्या आतून बुजायच्या, इंजिन तापायचं, हेड गॅस्केट, म्हणजे इंजिनाच्या वरच्या झाकणाखालची सीलची पट्टी, उडायचं, आणि अ‍ॅल्युमिनियमचं हेड वाकलं की लेथवर फेसिंगला, म्हणजे सपाट करायला न्यायचं. नव्वदच्या दशकातलं आमचं निम्मं उत्पन्न या तापलेल्या इंजिनांचं होतं. अण्णांना ते आवडायचं नाही. कूलंट महाग, लोक नको म्हणायचे. मग ते सांगायचे, निदान डिस्टिल्ड वॉटर तरी घाला. स्वतःच बॅटरीच्या दुकानातून कॅन आणून ठेवायचे आणि पैसे लावायचे नाहीत. साहेबांच्या आठशेचं हेड एकदाही खोललं गेलं नाही. एक लाख चाळीस हजार किलोमीटरवर ती विकली तेव्हा पान भरून दुसरं लागलं होतं आणि त्या दोन पानांत इंजिनाचं मोठं काम नव्हतं.

मी आयटीआय करून २००४ मध्ये गॅरेजात आलो. पुढच्याच वर्षी मे महिन्यात स्विफ्ट बाजारात आली आणि २००६ मध्ये साहेबांनी लाल स्विफ्ट घेतली. आठशेनंतर हे इंजिन म्हणजे आमच्यासाठी मोठी उडी होती : १२९८ सीसी, चार सिलिंडर, सोळा व्हॉल्व्ह, ८७ अश्वशक्ती. तसं ते मारुतीच्याच जुन्या एस्टीम गाडीच्या घराण्यातलं, त्यामुळे हातांना ओळखीचं. हवा आणि पेट्रोल मिसळणारा कार्बोरेटर मात्र गेला होता. अण्णा स्क्रूड्रायव्हरनं अर्धा फेरा फिरवून, कान लावून 'आता बसली' म्हणायचे, ते काम या गाडीत उरलंच नव्हतं. मला त्यांच्या चेहऱ्यावर ते दिसायचं. ते बोलले काही नाहीत, पण वहीत 'ट्युनिंग'चा रकाना रिकामा राहायला लागला, तसा त्यांनी तो खोडून 'टायमिंग बेल्ट' लिहिला. या इंजिनात व्हॉल्व्ह वेळेवर उघडायला रबरी पट्टा होता. पट्टा तुटण्याआधी सांगत नाही. त्यामुळे वहीत नव्वद हजार किलोमीटर दिसले की आम्ही घरी फोन करायचो. आमच्या वहीतल्या एकाही स्विफ्टचा पट्टा रस्त्यात तुटला नाही, याचा मला आजही अभिमान आहे.

२००७ मध्ये स्विफ्टमध्ये डिझेल इंजिन आलं आणि आमचं गॅरेज खऱ्या अर्थानं चालू लागलं. १२४८ सीसीचं हे इंजिन मूळ फियाटचं. पुढे ते टाटांच्या गाड्यांतही गेलं, पुण्याजवळ रांजणगावलाही बनायचं. कागदावर ताकद ७५ अश्वशक्ती, म्हणजे पेट्रोलपेक्षा बारा कमी. पण टॉर्क, म्हणजे इंजिनाची ओढ, १९० न्यूटन मीटर आणि तोही मिनिटाला दोन हजार फेऱ्यांवरच. पेट्रोलचा ११३, साडेचार हजार फेऱ्यांवर. पंढरपूर रस्त्यावर पाच माणसं आणि डिकीत सामान भरून ट्रकच्या मागून गाडी काढायची असेल, तर हा फरक पायाला लगेच कळतो. भाड्यानं गाड्या चालवणारे तेव्हा रांग लावून आमच्याकडे यायचे. आम्ही शेड वाढवली, दोन मुलं कामाला घेतली.

२०१३ चं मात्र सविस्तर सांगायला हवं, कारण ती चूक आमची होती.

कामाचा भार वाढला होता आणि मी एका व्यापाऱ्याकडून नेहमीपेक्षा स्वस्त डिझेल इंजिन ऑइल घेतलं. कॅनचं लेबल, सील, सगळं खऱ्यासारखं. अण्णा गावाला होते. ते आले आणि एका गाडीची डिपस्टिक, म्हणजे ऑइल मोजायची पट्टी, काढून त्यांनी थेंब बोटांवर चोळला. दीड हजार किलोमीटरच चाललेली गाडी, पण ऑइल पाण्यासारखं पातळ आणि वासाला जळकं. त्यांनी विचारलं, 'हे किती गाड्यांत गेलं?' मला नेमकं आठवेना. वही उघडली. अकरा गाड्या.

त्या डिझेल इंजिनात जास्तीची हवा आत ढकलणाऱ्या टर्बोचा दांडा मिनिटाला लाखाच्या वर फेऱ्या मारतो आणि तो ऑइलच्या पातळ थरावर तरंगतो. टायमिंग चेनचा ताणही ऑइलच्या दाबावरच टिकतो. ऑइलनं दगा दिला तर इंजिन कितीही चांगलं असो, त्याला वाचवायला काही उरत नाही. त्या रात्री आम्ही दहापर्यंत फोन करत बसलो. दुसऱ्या दिवशी सकाळी दहा गाड्या दारात उभ्या होत्या, त्यांत साहेबांच्या मुलाची २०१२ ची डिझेल स्विफ्टही पुण्याहून आली होती. सगळ्यांचं ऑइल काढलं, इंजिन आतून धुतलं, फिल्टर बदलले, खरं ऑइल भरलं. अकरावी गाडी भाड्याची. तिचा ड्रायव्हर आषाढीच्या फेऱ्यांत होता, फोन लागला नाही. मोहोळजवळ टर्बो गेला.

त्या माणसाचा हंगाम होता. वर्षाच्या कमाईचा मोठा भाग त्या पंधरा-वीस दिवसांत यायचा. अण्णांनी त्याला आमची घरची गाडी दिली आणि नवा टर्बो आम्ही आमच्या खर्चानं बसवला. लेथ मशीन घेण्यासाठी दोन वर्षं साठवलेले पैसे त्यात गेले. अण्णा मला रागावले नाहीत. एवढंच म्हणाले की ऑइलचा कॅन यापुढे मालकासमोर फुटला पाहिजे. तेव्हापासून आमच्याकडे सील मालकाच्या डोळ्यांसमोर तोडलं जातं आणि रिकाम्या कॅनला लगेच भोक पाडलं जातं, म्हणजे तो भरून परत कुठे विकला जाणार नाही. तो ड्रायव्हर आज तीन गाड्यांचा मालक आहे. तिन्हींची पानं आमच्या वहीत आहेत.

मधली वर्षं भराभर गेली. १ एप्रिल २०१० पासून ज्या तेरा शहरांत गाड्यांच्या धुराचे बीएस-४ नियम लागू झाले त्यांत सोलापूर होतं, त्यामुळे नवी आठशे आमच्या गावात तेव्हाच मिळायची थांबली. देशभरातलं तिचं उत्पादन २०१४ च्या जानेवारीत बंद झालं. अण्णांनी त्या दिवशी पहिली वही काढून चाळली आणि परत जागेवर ठेवली. स्विफ्टमध्ये २०१० मध्येच १३०० च्या जागी ११९७ सीसीचं नवं पेट्रोल इंजिन आलं. छोट्या गाडीवरचा कर बाराशे सीसीच्या आत कमी होता, हे त्यामागचं मोठं कारण. ग्राहक तक्रार करायचे की कंपनीनं इंजिन लहान केलं. आकडे बघा : ताकद ८७ वरून ८५, टॉर्क ११३ चा ११३. आणि आमच्या दृष्टीनं सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे पट्ट्याच्या जागी चेन आली. वहीतला 'टायमिंग बेल्ट'चा रकाना पुन्हा खोडला. पण चेन आली म्हणून लोक निर्धास्त झाले आणि ऑइलची तारीख पुढे ढकलायला लागले. मी प्रत्येकाला सांगतो : पट्टा किलोमीटर मोजतो, चेन ऑइल मोजते.

२०११ मध्ये दुसऱ्या पिढीची गाडी आली, २०१८ मध्ये तिसऱ्या. साहेबांच्या सूनबाईंनी २०१८ ची पेट्रोल घेतली आणि पहिल्या सर्व्हिसिंगला मला विचारलं, 'दादा, हिची पॉवर तर सासऱ्यांच्या लाल गाडीपेक्षा कमी लिहिलीय, ८३. मग ही जास्त का पळते?' मी त्यांना दोन्ही पानं शेजारी ठेवून दाखवली. लाल गाडीचं वजन हजार किलोच्या आसपास, हिचं नऊशेच्या आत. टॉर्क तोच ११३. बैल तोच, गाडा हलका झाला. २०२१ मध्ये ताकद ९० झाली, तरी टॉर्क ११३ वरच. जवळजवळ वीस वर्षं या गाडीची ओढ साधारण एकाच आकड्याभोवती थांबलेली आहे आणि कंपनीचं प्रमाणित अ‍ॅव्हरेज मात्र तिसऱ्या पिढीत लिटरला २२, पुढे २३.२, आता चौथ्या पिढीत २४.८ वर गेलंय. मला यात अभियंत्यांचे खरे कष्ट दिसतात. जोर वाढवणं त्या मानानं सोपं. तेवढ्याच जोरात कमी तेल पिणारं आणि दीड-दोन लाख किलोमीटर न उघडता चालणारं इंजिन बनवणं अवघड.

आणि ते खरंच न उघडता चालतं. १९९५ च्या वहीत महिन्याला तीन-चार इंजिनं खोलल्याची नोंद आहे, बोअर, रिंग-पिस्टन, व्हॉल्व्ह लॅपिंग. गेल्या वर्षभरात आम्ही फक्त दोन इंजिनं खोलली, दोन्ही पाणी आटल्यावर तशीच दामटलेली. आमचं काम आता सेन्सर, वायरिंग, इंजेक्टर, एसी याकडे वळलंय. २०११ मध्ये गाडीतला बिघाड पडद्यावर दाखवणारा स्कॅनर घेतला तेव्हा अण्णांना वाटलं की मुलगा कानांऐवजी पडद्यावर विश्वास ठेवायला लागला. तसं झालं नाही. पडदा सांगतो, दोन नंबरचं सिलिंडर मिसिंग करतंय. ते प्लगमुळे, कॉइलमुळे की इंजेक्टरमुळे, हे अजून माणसालाच शोधावं लागतं, आणि आमच्याकडे एकेक भाग बदलून बघत मालकाचं बिल वाढवलं जात नाही. २०२० मध्ये बीएस-६ बरोबर स्विफ्टचं डिझेल गेलं. त्याच वर्षी टाळेबंदीत उभ्या गाड्यांच्या वायरी उंदरांनी कुरतडल्या आणि तीन महिने आम्ही बहुतेक वायरीच जोडत होतो. आता लोक वीस टक्के इथेनॉलच्या पेट्रोलबद्दल विचारतात. जुन्या गाडीच्या इंधनाच्या रबरी नळ्या आणि सील आम्ही प्रत्येक सर्व्हिसिंगला तपासतो, कडक झालेल्या दिसल्या तर बदलतो. त्याची नोंद वहीत वेगळी.

अण्णा आता अठ्ठ्याहत्तर वर्षांचे आहेत. रोज सकाळी दहाला येतात, लिंबाखाली खुर्ची टाकून बसतात. गेल्या दिवाळीआधी साहेबांची नात तिची स्वतःची पहिली गाडी घेऊन आली, चौथ्या पिढीची स्विफ्ट. ११९७ सीसी, ८२ अश्वशक्ती, टॉर्क ११२ आणि सिलिंडर तीन. तिला काळजी होती की चाराची तीन झाली म्हणजे गाडी कमजोर, आणि उभी असताना स्टिअरिंगला थोडी थरथर येते ती खराबी तर नाही ना. मी सांगायला लागलो की तीन सिलिंडरचं इंजिन दोन टोकांना किंचित झुलतं, ती थरथर माउंटिंगवर झेलली जाते, आणि घर्षण कमी म्हणून तेल वाचतं. तेवढ्यात अण्णा उठून आले. त्यांनी बॉनेट उघडायला लावलं, गाडी चालू ठेवली आणि कव्हरवर तळहात ठेवून डोळे मिटून उभे राहिले. मग तिला म्हणाले, 'तुझ्या आजोबांच्या पांढऱ्या गाडीलाही तीनच होते, बाळ. चाल ओळखीची आहे.'

आत गेले, सतरावी वही काढली, नवं पान घेतलं. हात थोडा कापतो, तरी अक्षर तेच. नंबर, तारीख, किलोमीटर १,०१२. ऑइल ठीक. कूलंट पूर्ण. मालकाच्या नावासाठी सगळ्यात खाली एक ओळ सोडली आणि पेन तिच्या हातात दिलं.