दादरची चाळ आणि भगवानदादा

आज बाबांना फिजिओथेरपीला घेऊन दादरला गेले होते. परतताना टॅक्सीत रेडिओवर 'अलबेला' सिनेमातलं 'शोला जो भडके' लागलं आणि बाबांचा दुखरा उजवा हात छातीपर्यंत आला, मनगट हलकेच डोलायला लागलं. सकाळी डॉक्टरांसमोर तो हात कोपरापर्यंतही वर जात नव्हता!

मग बाबा बोलतच राहिले. भगवानदादा म्हणजे भगवान आभाजी पालव, गिरणी कामगाराचा मुलगा. 1951 चा 'अलबेला' त्यांनीच काढला, दिग्दर्शित केला, नायकही तेच. सी. रामचंद्रांचं संगीत, समोर गीता बाली. जुहूला बंगला, दारात गाड्या. पुढे सिनेमे पडले, दारूही होती, सगळं विकावं लागलं आणि माणूस दादरच्या चाळीत राहायला आला. गर्दीत नाचणाऱ्यांतला एक म्हणूनही कामं केली त्यांनी. मला हे ऐकवत नव्हतं.

"विसर्जनाची मिरवणूक त्यांच्या घराखाली थांबायची," बाबा म्हणाले. "बँडवाले हेच गाणं वाजवायचे, मग दादा खाली यायचे, दोन पावलं नाचायचे."

2002 च्या फेब्रुवारीत दादा गेले. घरी आल्यावर बाबांनी चहा बाजूला ठेवला आणि म्हणाले, "ते गाणं परत लाव गं."