डावा डोळा

१८ एप्रिल, रात्री साडेदहा

आज दिवसभरात डोळ्यात थेंब घालावे लागले नाहीत. नोव्हेंबरात तोंडावरून वारं गेलं, तेव्हापासून असा दिवस पहिल्यांदाच आला. संध्याकाळी देवापुढे दिवा लावताना लक्षात आलं की बाटली सकाळपासून कपाटातच आहे.

ती सकाळ अजून जशीच्या तशी आठवते. चूळ भरली आणि पाणी डाव्या कोपऱ्यातून गळून थेट ब्लाउजवर. आरशात पाहिलं तर अर्धा चेहरा माझा आणि अर्धा कुणाचातरी. डॉक्टर म्हणाले, चेहऱ्याची नस सुजली आहे, बहुतेकांचं बरं होतं, धीर धरा. रात्री डोळा मिटायचा नाही म्हणून कागदी पट्टी चिकटवून झोपायचे. भाताची शितं गालात साठून राहायची आणि बोटाने काढावी लागायची. ‘प’ आणि ‘ब’ ओठातून निसटायचे, त्यामुळे फोनवर बोलणंच सोडलं होतं.

त्याहून जास्त लागलं ते ऑफिसात. एकवीस वर्षं मी काउंटरवर बसते. रजा संपवून गेले तर साहेब म्हणाले, “काही दिवस आत बसा, लोक विचारत राहतील, तुम्हालाच त्रास.” मनात वाईट नसेल त्यांच्या. पण मी आतल्या खोलीत जुनी व्हाउचरं लावत बसले आणि घरी येऊन रडले. चेहरा वाकडा झाला म्हणून माणसाला मागे बसवतात, हे वाक्य रोज मनात फिरायचं.

त्याच दिवसांत मी ललिता पवारांकडे वळले.

आज त्यांचा जन्मदिवस. १८ एप्रिल १९१६, येवला. नाव अंबा, आडनाव सगुण. माझं माहेर नाशिकचं, त्यामुळे आजी त्यांना कायम ‘आपल्या येवल्याची’ म्हणायची. पण १९८७ साली रविवारी सकाळी ‘रामायण’ लागलं की तीच आजी रामाला हात जोडायची आणि मंथरा आली की कडाकडा बोटं मोडायची. आमच्याकडे वाड्यातला एकुलता एक टीव्ही, समोर पंचवीस-तीस माणसं, आणि ती कुबड काढलेली म्हातारी पद्मा खन्नांच्या कैकेयीच्या कानाशी लागली की खोलीत नुसता तळतळाट. ‘मेली’ यापेक्षा मवाळ शब्द कुणाच्या तोंडी नसायचा. त्या वेळी त्या सत्तरीच्या होत्या. कमरेत वाकून, मान तिरकी ठेवून तासन् तास शूटिंग करायचं या वयात काय होत असेल, हे मला आत्ता कळतं. तेव्हा मीही बोटं मोडली होती.

आमच्याकडे त्यांचं नाव म्हणजे विशेषणच होतं. माझं लग्न ठरलं तेव्हा मावशीने पहिला प्रश्न विचारला होता, “सासू ललिता पवार नाही ना?” सगळ्या हसल्या होत्या, मीही. पन्नास-साठ वर्षं एका बाईने काम इतकं चोख करावं की घराघरांत तिच्या नावाने सुनांनी सासू मोजावी, आणि त्यात त्या बाईचं स्वतःचं काय झालं हे कुणी विचारू नये.

झालं ते असं. मूकपटांच्या काळात, बारा वर्षांच्या आसपासची असताना ही मुलगी पडद्यावर आली. पुढे नायिका झाली. १९३२ च्या ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीतही तिचा वाटा होता, बोलपट आल्यावर ‘दुनिया क्या है’ काढला. म्हणजे नुसती सांगितलेल्या जागी उभी राहणारी नटी नव्हे, धंद्यात पैसा आणि डोकं घालणारी बाई. आणि १९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या सेटवर थोबाडीत मारण्याचा प्रसंग होता. समोर मास्टर भगवान, म्हणजे नंतरचे आपले भगवानदादा. थप्पड खरीच बसली, आणि जोरात बसली. चेहऱ्याला लकवा झाला, डाव्या डोळ्यातली नस फुटली. वय सव्वीस. उपचार खूप लांबले. चेहरा सावरला, डोळा मात्र कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामं तिथेच संपली.

हे मी पूर्वीही वाचलं होतं. ‘लकवा’ हा शब्द तेव्हा नुसता वाचला होता. या वेळी वाचताना हात आपोआप गालावर गेला. नंतरच्या किती सकाळी त्या आरशासमोर बसल्या असतील? भुवई उचलून बघ, गाल फुगवून बघ, ओठ दाबून बघ. माझी फिजिओथेरपिस्ट मला फुगा फुगवायला लावायची, आणि हवा डाव्या बाजूने फुस्सकन निघून जायची. मला परत फक्त काउंटरवर बसायचं होतं. त्यांना तोच चेहरा घेऊन कॅमेऱ्यासमोर जायचं होतं, जिथे तो पडद्यावर भिंतीएवढा होऊन दिसतो.

आणि त्या गेल्या. १९४४ मध्ये प्रभातच्या ‘रामशास्त्री’त आनंदीबाई केली. ‘ध’ चा ‘मा’ करणारी आनंदीबाई! तिथून पुढे तो डोळा लपवायचा नाही, कामाला लावायचा, हे त्यांनी कधी ठरवलं असेल कोण जाणे. पण मी गेले चार महिने रात्री जेवण झाल्यावर त्यांचे चित्रपट बघते आहे, आणि आता मला ते दिसतं. राग आला की त्यांचा उजवा डोळा मोठा होतो, डावा तसाच बारीक राहतो. एकाच चेहऱ्यात एक डोळा बोलतोय आणि दुसरा हिशेब करतोय, असं वाटतं. खाष्ट सासूला याहून जास्त काही करावंच लागत नाही. ‘दहेज’मध्ये बघा. आवाज चढायच्या आधीच अंगावर काटा येतो.

पण मला खरं सांगायचंय ते खाष्टपणाबद्दल नाही. तोच डोळा माया करतो, त्याबद्दल सांगायचंय. १९५५ या एका वर्षात त्यांनी ‘श्री ४२०’मधली केळीवाली गंगामाई केली आणि ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मधली श्रीमंत, सभा-भाषणं करणारी सीतादेवीही. एक फुटपाथवर बसलेली, दुसरी सोफ्यावर. केळ्यांच्या भावावरून राज कपूरशी जी उलटी घासाघीस चालते, त्यात गिऱ्हाईकच जास्त पैसे द्यायला निघालेलं बघून ती जे हसते ना, तेव्हा डोळ्याचं व्यंग आठवतसुद्धा नाही. बारीक झालेला डोळा आता मिश्किल वाटतो.

मग १९५९. त्या साली ‘सुजाता’मध्ये जातपात घट्ट धरून बसलेली म्हातारी, आणि ‘अनाडी’त मिसेस डिसा. ‘अनाडी’ मी या चार महिन्यांत तीनदा पाहिला. भाडं थकवणाऱ्या पोरावर ओरडायचं, आणि ओरडता ओरडताच त्याच्या पोटाची काळजी करायची. ही बाई आपल्या ओळखीची आहे. आमच्या नाशिकच्या वाड्याची मालकीण अगदी अशीच होती, फक्त नऊवारीत. मिसेस डिसा बोलते तेव्हा तिचे हात बघावेत, ते कधी रागावलेले नसतातच. या कामासाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं, आणि १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. मला स्वतःला ‘प्रोफेसर’मधलं कामही फार मोलाचं वाटतं. भाच्यांना धाकात ठेवणारी ती करारी बाई म्हाताऱ्याच्या वेशातल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते आणि लाजते. थिएटरात लोक हसले असतील, हसण्यासाठीच ते लिहिलेलं आहे. पण त्या लाजण्यात त्यांनी एक खरी एकटी बाई बसवली आहे. मला तिथे हसू येत नाही, घशाशी काहीतरी येतं.

‘सहाय्यक’, ‘चरित्र अभिनेत्री’ हे शब्द लिहिताना आज थोडी अडखळले. नायिका बदलत गेल्या, मधुबाला, नर्गिस, नूतन, सायरा बानू, आणि या प्रत्येकीच्या चित्रपटात त्या होत्याच. कुणाची आत्या, कुणाची होणारी सासू. घर उभं राहायला ज्या भिंती लागतात त्यातली एक.

२४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात औंधला त्या गेल्या. घरात त्या वेळी दुसरं कुणी नव्हतं. आम्ही तेव्हा पुण्यातच होतो, लग्नाला वर्षही झालं नव्हतं. पेपरात बातमी वाचून मी पान उलटलं असणार, कारण काहीच आठवत नाही. त्याचं आता वाईट वाटतं.

मार्चपासून मी पुन्हा काउंटरवर आहे. हसले की डावा कोपरा अजून किंचित मागे राहतो. पेन्शनवाले एक आजोबा रोखून बघत होते, मग म्हणाले, “बरं वाटतंय का आता, ताई?” एवढंच. मी पासबुक भरून दिलं.

आज जेवताना आईंना, म्हणजे सासूबाईंना, सांगितलं की ललिता पवारांचा जन्मदिवस आहे. आईंचं वय चौऱ्याऐंशी. त्या बाईचं तोंड बघवत नाही म्हणून चॅनल बदलायला लावणाऱ्या. मी थपडेचं सांगितलं, डोळ्याचं सांगितलं. घास तसाच हातात धरून ऐकत राहिल्या. मग विचारलं, “तुझ्यासारखंच झालं होतं?”

“हो.”

“आणि तशीच कामाला गेली?”

“तशाच गेल्या.”

बराच वेळ काही बोलल्या नाहीत. ताट उचलताना मी सहज म्हटलं, उद्या रविवार आहे, दुपारी ‘आनंद’ लावते. त्यातही त्यांचं नाव डिसाच आहे, मेट्रन डिसा, दिग्दर्शकही ‘अनाडी’चेच हृषीकेश मुखर्जी, आणि आपले रमेश देव-सीमाही आहेत. आई म्हणाल्या, “दुपारी माझा डोळा लागला तर उठव मला.”