तुम्ही विचारलंत म्हणून : एवढ्या लोकांसमोर वाजवतेस कशी?

कार्यक्रम संपला की हा प्रश्न ठरलेला. "तुला ऑटिझम आहे म्हणतेस, आवाजाचा त्रास होतो, अनोळखी माणसांत बोलवत नाही म्हणतेस. मग एवढ्या लोकांसमोर पेटी कशी काय वाजवतेस?" काहींच्या विचारण्यात कौतुक असतं, काहींच्या विचारण्यात शंका. शंका अशी, की दोन्हींतलं काहीतरी एक खोटं असणार. मला त्या वेळी नीट उत्तर देता येत नाही, कारण कार्यक्रमानंतर माझं बोलणं आटलेलं असतं. मी मान हलवते आणि आत्या मला हाताला धरून बाहेर काढते. म्हणून लिहून सांगते.

स्टेज सोपं असतं. अवघड असतं ते स्टेजच्या पायऱ्या उतरल्यानंतरचं.

स्टेजवर कोण कुठं बसणार हे आधीच ठरलेलं असतं. गायक मध्ये, तबला त्यांच्या उजवीकडं, पेटी डावीकडं, मागं तंबोरे. तिथं कुणी मला "मग, बाकी काय म्हणतेस?" असं विचारत नाही. कुठं बघायचं, हात कुठं ठेवायचे, कधी हसायचं, हे ठरवावं लागत नाही. एक हात भात्यावर, एक पट्ट्यांवर. लोक अंधारात. त्यांनी गप्प बसायचं आणि मी वाजवायचं. दोन्ही बाजूंना आपापलं काम माहीत आहे अशी जागा मला स्टेजशिवाय फारशी कुठं सापडलेली नाही.

त्यात मी ज्या गाण्याला साथ करते ते बहुतेक वेळा जयपूर-अत्रौली घराण्याचं. या घराण्याचे प्रवर्तक अल्लादिया खाँसाहेब शाहू महाराजांच्या दरबारी गायक होते, आणि ते गाणं आमच्या कोल्हापुरात मुरलं ते तेव्हापासून. १८८३ पासून चालत आलेली देवल क्लब ही संगीतसंस्था आहेच. हे गाणं अवघड, डोक्याचं, असं म्हणतात. मला उलट वाटतं. सोळा मात्रांचा तीनताल, लय ठरलेली, आणि तान कितीही वाकडी गेली तरी ती समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, येणार म्हणजे येणार. शनिवारी संध्याकाळी आमचा गर्दीचा महाद्वार रोड ओलांडून दाखवा, तिथं सम कुठं आहे सांगा.

"पण साथ म्हणजे समोरच्याच्या मनातलं ओळखणं. ते तुला कसं जमतं?" हे जाणकारांचं पुढचं वाक्य. मी गायकाच्या चेहऱ्याकडं बघत नाही. मी श्वास ऐकते. तार षड्जाकडं, म्हणजे वरच्या 'सा'कडं, निघण्याआधीचा श्वास वेगळा असतो, तानेच्या आधीचा वेगळा. राजारामपुरीतल्या माझ्या सरांना सुरुवातीला वाटायचं, ही मुलगी खाली मान घालून बसते, हिचं लक्ष नाही. मग एकदा गाताना त्यांनी मुद्दाम ठरलेली जागा सोडून दुसरीकडूनच उठाव घेतला, तर पेटी त्यांच्या बरोबर होती. तेव्हापासून ते "वर बघ" म्हणायचे थांबले. बोलताना माणसाचा चेहरा एक सांगतो, शब्द दुसरंच आणि आवाज तिसरंच. गाताना सगळं मिळून एकच सांगतात. मला हे दुसरं समजतं.

कान बारीक आहे, हे खरं. सूर ऐकला की तो कुठल्या पट्टीचा हे विचार न करता कळतं. ऑटिझम असलेल्यांत असा कान इतरांपेक्षा जास्त आढळतो. निवेदक त्याला 'दैवी देणगी' म्हणतात. या देणगीबरोबर काय काय येतं तेही ऐका. पेटीच्या पट्ट्या सप्तकाचे बारा सारखे भाग करून लावलेल्या असतात. तंबोऱ्याच्या तारेतून जो गंधार, म्हणजे 'ग', आपोआप उमटतो, तो पेटीच्या गंधारापेक्षा जरासा उतरलेला. किती? एका पट्टीपासून शेजारच्या पट्टीपर्यंतच्या अंतराचे शंभर भाग केले, तर त्यातले सुमारे १४. बहुतेकांना हे जाणवतही नाही. मला भातात खडा लागल्यासारखं होतं. म्हणून मी गंधारावर रेंगाळत नाही, स्पर्श करून पुढं जाते, आणि सर म्हणतात, "तुला घाई नाही, पण तुझ्या गंधाराला फार घाई." आकाशवाणीनं १९४० मध्ये पेटीला दार बंद केलं ते १९७१ मध्ये जरा उघडलं. बंदीमागं इतरही कारणं होती, पण पेटीवाली असून सांगते, बंदी घालणाऱ्यांचं हे एक दुखणं मला कळतं. गोविंदराव टेंब्यांसारख्या पेटीवादकाच्या कोल्हापुरात असं बोलू नये, तरी बोलले.

आता हाच कान घेऊन गणपतीत कोल्हापुरात राहायचं. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांत निवासी भागासाठी दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. डॉल्बीच्या भिंतीपुढं हे आकडे म्हणजे विनोद. विसर्जनाला मी शिवाजी पेठेत नसतेच, गगनबावड्याकडं मामाच्या गावी असते. मंडळातली पोरं वाईट नाहीत, त्यांतलीच दोघंतिघं माझी पेटी उचलून हॉलपर्यंत आणून देतात. पण डॉल्बीच्या बाबतीत "एकच दिवस असतोय की" यापुढं बोलणं जात नाही.

आईला वेगळा प्रश्न विचारतात. "संगीतानं फरक पडला का हो? बरी झाली का?" आई म्हणते, "फरक पडला की. आता घरात दिवसभर पेटी वाजते." लिओ कॅनर या डॉक्टरांनी १९४३ मध्ये अमेरिकेत ११ मुलांची माहिती प्रसिद्ध केली, आणि ऑटिझम हे नाव या अर्थानं रूढ झालं ते तिथून. त्या अकरांत एक मुलगा असा होता की दीड वर्षाचा असताना तो वाद्यवृंदाच्या अठरा सिंफनी वेगवेगळ्या ओळखायचा, असं त्याच्या आईनं सांगितलं होतं. म्हणजे कुणी उपचार म्हणून गाणं आणण्याआधीच ते त्या पोराजवळ होतं, आणि गाणं होतं म्हणून त्याचा ऑटिझम गेला नव्हता. मला पेटीनं बरं केलेलं नाही. मी आजारी नव्हते. मला पेटी येते, एवढंच.

आणि हे सगळ्यांनाच येतं असंही नाही. २०१९ मध्ये अमेरिकेतल्या टॅलेंट शोमध्ये कोडी ली हा अंध, ऑटिझम असलेला मुलगा जिंकला. तो व्हिडिओ मला अजून महिन्या-दोन महिन्यांनी कुणी ना कुणी पाठवतं. तो गातो छानच. पण बहुतेक ऑटिझम असलेल्या मुलांत असं काही विलक्षण कौशल्य नसतं, आणि नसलं तर बिघडत नाही. माझ्या ओळखीचा एक मुलगा कुठलंही गाणं लागलं की कान झाकतो. त्याच्या आईला कृपा करून तो व्हिडिओ पाठवू नका. तिला तो दहा जणांनी आधीच पाठवलेला आहे, खाली "प्रयत्न सोडू नका" असं लिहून.

तर पायऱ्या उतरल्यावर काय होतं? दिवे लागतात, सगळे एकदम बोलायला लागतात, खुर्च्या सरकतात. हार येतो, त्याचा वास आणि ओलेपणा मानेला. शाल येते, ती पाठीमागून कुणीतरी न सांगता टाकतं. नारळ हातात, म्हणजे हात अडकले. मग फ्लॅश. मग एक काकू मिठी मारतात आणि रडतात. त्यांचं मन मला कळतं, पण माझी कातडी ते मान्य करत नाही. निवेदक माझ्या आईच्या त्यागावर बोलत असतो. आई शेवटच्या रांगेत बसून दात-ओठ खाते. एका कार्यक्रमात माझ्या देखत एका पाहुण्यांनी आत्याला विचारलं, "तिला कळतंय का, तिचा सत्कार चाललाय ते?" आत्या कोल्हापूरची. ती म्हणाली, "तिला कळतंय. भाषण लांबलंय हे पण कळतंय." मी घरी गेले की दिवे बंद करून पडते. दुसरा दिवस जातो. कधी तिसराही. मी स्टेजवर कशी बसले हे सगळे विचारतात, दुसऱ्या दिवशी उठले का, हे अजून कुणी विचारलेलं नाही.

मला ओळखीची जागा लागते, हेही त्यातलंच. केशवराव भोसले नाट्यगृह मला पाठ होतं. १९१५ मध्ये पॅलेस थिएटर म्हणून उभं राहिलेलं, विंगेत कुठं अंधार, कुठल्या दारानं लवकर बाहेर पडता येतं, सगळं. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री ते जळालं. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती. सगळं गाव हळहळलं, मीही. पण माझ्या हळहळीत एक स्वार्थ होता. आता प्रत्येक नव्या हॉलमध्ये मला आदल्या दिवशी जाऊन बाहेर पडायचं दार शोधावं लागतं.

२ एप्रिल हा जागतिक ऑटिझम जागरूकता दिन. संयुक्त राष्ट्रांनी ठराव २००७ मध्ये केला, २००८ पासून तो पाळतात. त्या आठवड्यात मला शाळा-कॉलेजांतून बोलावणी येतात. मी आधी वाजवते, मग लिहून आणलेलं वाचते. मुलांचे प्रश्न मोठ्यांच्या प्रश्नांपेक्षा बरे असतात. एका मुलीनं विचारलं, "मधल्या सुट्टीत तुम्ही कुठं बसायचा?" वाचनालयाच्या मागं, पाण्याच्या टाकीजवळ. तिनं मान डोलावली. तिला ती जागा माहीत असावी, तिच्या शाळेतली.

मोठ्यांना मी कायदा सांगते, कारण त्याशिवाय ते वहीत काही लिहून घेत नाहीत. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकारची अपंगत्वं आहेत, ऑटिझम त्यांत आहे, आणि कलम २९ सांस्कृतिक जीवनातल्या सहभागाबद्दल आहे. प्रमाणपत्रासाठी जी चाचणी असते तिच्यात ४० मुद्दे, आणि पहिलाच नजरेला नजर न देण्याचा. एका खिडकीवर मला ऐकवण्यात आलं, "पेटी वाजवते म्हणता, मग कसला ऑटिझम?" हा शेवटी तुमचाच प्रश्न, फक्त शिक्का मारायच्या आधी विचारलेला.

मला बोलावणाऱ्यांना मी आता एक कागद आधीच पाठवते. कार्यक्रमाचा क्रम लेखी द्या आणि तो बदललात तर फोन न करता मेसेज करा. कुलूप लागेल अशी एक खोली, पंखा कमी आवाजाचा. फ्लॅश नको. माइकची चाचणी हॉल रिकामा असताना. आत्याला विंगेत खुर्ची, तिला पहिल्या रांगेत बसवायचा आग्रह नको. तिचं स्वतःचं म्हणणं असतं, "मी हितं बसतो, तू ये वाजवून." सत्कार करायचाच असेल तर सुरुवातीला करा, बसल्या जागी, आणि शाल घडी करून शेजारी ठेवा. गेल्या वर्षी एका छोट्या संगीत मंडळानं हे सगळं तंतोतंत केलं. त्यांना जादा खर्च आला तो एका कुलपाचा. दुसऱ्या दिवशी सकाळी मी रियाजाला बसले होते.

त्या कागदावर शेवटची ओळ मानधनाची आहे, आणि लोक नेमकी तीच वाचत नाहीत. "मुलीला संधी देतोय, शाल-श्रीफळ आहेच" असं म्हणणारे तबलेवाल्यांना मात्र पाकीट देतात. आम्ही दोघं एकाच सतरंजीवर, एकाच गायकाला, तेवढाच वेळ साथ केलेली असते. तेव्हा मानधन किती ते आधी आकड्यात कळवा. शाली घरी पुष्कळ झाल्या आहेत.