इंजेक्शनवाली माद्दालेना

"आई, यातली बाई तुझंच काम करते," म्हणत मुलीने मागच्या रविवारी मला 'बेलिस्सिमा' बघायला बसवलं. १९५१ सालचा इटालियन सिनेमा, दिग्दर्शक लुकिनो व्हिस्कोंती. त्यातली माद्दालेना रोममध्ये घरोघर फिरून इंजेक्शनं देते. मी ३१ वर्षं सरकारी दवाखान्यात सिस्टर होते. नोकरीला लागले तेव्हा काचेच्या सिरिंजा उकळून घ्यायचो, नळी आणि दांड्यावरचे नंबर जुळवून. मुलीने मला बरोबर जागी पकडलं होतं.

माद्दालेनाला आपली छोटी मारिया सिनेमात जायला हवी आहे. नाचाची शिकवणी, फोटो, नवा फ्रॉक, सगळा पैसा तिथेच जातो. मग ती स्टुडिओत लपून मारियाची चाचणी बघते. पडद्यावर पोर रडतंय आणि बघणारी मंडळी पोट धरून हसताहेत. त्या क्षणी त्या बाईचा चेहरा असा काही होतो, की मी लॅपटॉप थांबवला. पुढे स्टुडिओवाले स्वतःहून करार घेऊन घरी येतात आणि ती सही करत नाही. बरं केलंस बाई, असं मी मोठ्याने म्हणाले.

माद्दालेना झालेली ही नटी आना मान्यानी. जन्म १९०८, रोमचा. वडिलांचं नाव मिळालं नाही, आई इजिप्तला निघून गेली, आजीने वाढवलं. नाटक, मग गाण्यांचे विनोदी कार्यक्रम, आणि वयाच्या सदतिसाव्या वर्षी दिग्दर्शक रोबेर्तो रोस्सेलिनीचा 'रोम, ओपन सिटी' हा सिनेमा. जर्मन सैन्य रोममधून जाऊन वर्षही झालं नव्हतं तेव्हा शूटिंग सुरू झालं, फिल्मचे तुकडे मिळतील तसे जमवून. त्यात ती पिना आहे, पोटुशी. लग्नाच्या दिवशीच होणाऱ्या नवऱ्याला जर्मन ट्रकमध्ये कोंबून नेतात. ती हात वर करून ओरडत ट्रकमागे धावते, गोळी लागते, रस्त्यावर पडते. तिचा लहान मुलगा धावत येऊन तिच्या अंगावर झोकून देतो. रोममध्ये १९४४च्या मार्चमध्ये तेरेसा गुल्लाचे नावाच्या गरोदर बाईला खरोखरच असं भर रस्त्यात मारलं होतं.

हा प्रसंग मी तीनदा बघितला, आणि तिसऱ्यांदा मुलीने लुकाबद्दल सांगितलं. आनाचा एकुलता एक मुलगा, जन्म १९४२. बापाचं नाही, आईचंच आडनाव लावलं. चालायला शिकायच्या वयातच त्याला पोलिओ झाला आणि पाय गेले. म्हणजे पडद्यावर जी बाई जीव तोडून धावत होती, तिच्या घरी न चालणारं पोर होतं. पुढची सगळी वर्षं तिने काम केलं त्यामागे त्याचे उपचारही होते.

मी १९९५पासून पल्स पोलिओच्या बूथवर बसले. दोन थेंब, डाव्या करंगळीला शाई, पुढचं बाळ. पायाला कॅलिपर, म्हणजे आधाराच्या पट्ट्या, लावलेली मुलं मी नोकरीच्या सुरुवातीला बघितली होती. त्यांच्या आया रांगेत कशा उभ्या राहायच्या ते मला माहीत आहे: पोर कडेवर, वजन एका बाजूला झुकलेलं, चार-पाच वर्षांचं झालं तरी. साल्कची पोलिओवरची लस जाहीर झाली ती १९५५च्या एप्रिलमध्ये. लुका तेव्हा बारा वर्षांचा होता. त्याच वर्षी आनाचा अमेरिकन सिनेमा आला, 'द रोझ टॅटू'. नाटककार टेनेसी विल्यम्सने ती भूमिका तिला डोळ्यांसमोर ठेवून लिहिली होती. १९५६ला तिला ऑस्कर मिळालं. ती समारंभाला गेलीच नव्हती, रोममध्येच होती.

शेवटची ती दिसते दिग्दर्शक फेलिनीच्या 'रोमा'मध्ये, १९७२. रात्री घरी परतते आहे. फेलिनी मागून तिच्या थोरवीचं बोलत येतो. ती हसते, तुझ्यावर माझा भरवसा नाही, जा झोप, म्हणते आणि दार लावून घेते. पुढच्या वर्षी २६ सप्टेंबरला ती गेली, स्वादुपिंडाच्या कॅन्सरने.

मुलीने 'मम्मा रोमा' काढून ठेवलाय. त्यातही ती आई आहे.