सात वर्षं हप्ते भरले, तरी मुद्दल का उतरत नाही?

"मॅडम, सात साल झाले हप्ता भरायलो, अन् मुद्दल हाय तिथंच हाय. बँकेनं काही गडबड केली का ओ?"

लातूरला एका बँकेत माझी बरीच नोकरी कर्जाच्या टेबलावर गेली. निवृत्त झाले तरी हा प्रश्न माझी पाठ सोडत नाही. लग्नाच्या पंगतीत कुणी विचारतं, दवाखान्यात नंबर यायची वाट पाहताना कुणी विचारतं. परवा तुम्हीही तोच विचारलात, म्हणून या वेळी तोंडी न सांगता आकड्यांसकट लिहून काढते.

बहुतेक वेळा गडबड नसते. हप्ता बँकेत पडला की त्यातून आधी त्या महिन्याचं व्याज वजा होतं, आणि जे उरतं तेवढंच मुद्दलाला लागतं. ३० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के दर, २० वर्षं मुदत असं धरा. हप्ता बसतो २६,०३५ रुपये. पहिल्या महिन्याचं व्याज होतं २१,२५०. म्हणजे पहिल्या हप्त्यातले ४,७८५ रुपयेच मुद्दलाला गेले. दुसऱ्या महिन्यात व्याज ३४ रुपयांनी कमी होतं आणि तेवढेच मुद्दलाकडे जास्त जातात. सुरुवातीची चाल ही अशी असते. सात वर्षांत तुम्ही जवळपास २१ लाख ८७ हजार भरता आणि मुद्दल उतरतं ५ लाख ४७ हजारांनी. बाकी साडेचोवीस लाख. दहा वर्षं, म्हणजे अर्धी मुदत संपली तरी २१ लाख शिल्लकच असतात. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष सरत यावं लागतं, आणि अर्धं मुद्दल फिटायला चौदावं. वीस वर्षांनी एकूण भरणा होतो साधारण ६२ लाख ४८ हजार. त्यातले ३२ लाख ४८ हजार व्याजाचे.

आपल्याकडे व्याज अजूनही शेकड्यात बोललं जातं. सावकाराचा भाव शेकडा दोन, अडीच, अडलेल्याला तीन. त्या हिशेबात साडेआठ टक्के म्हणजे शेकडा ७१ पैसे महिना. म्हणून घराचं कर्ज स्वस्त वाटतं, आणि दराने ते खरोखरच स्वस्त आहे; त्यात काही खोटं नाही. फरक काळाचा आहे. पेरणीला घेतलेले पैसे सुगीला फेडायचे, हा आपला जुना अंदाज. सहा-आठ महिन्यांचं व्याज डोळ्यासमोर असतं. शेकडा ७१ पैसे २४० महिने चालले की काय होतं, याचा अंदाज कुणालाच पटकन येत नाही. शिकलेल्यांनाही येत नाही. टेबलासमोर बसलेला माणूस दर विचारतो, पाव टक्क्यासाठी दोन बँका फिरून आलेला असतो, आणि मुदतीच्या रकान्यात मात्र "किती टाकू?" असं विचारलं की म्हणतो, "जेवढी जास्त बसंल तेवढी टाका, हप्ता कमी येऊ द्या."

तेच ३० लाख, तोच दर, मुदत ३० वर्षं. हप्ता २३,०६७ होतो, म्हणजे २० वर्षांच्या हप्त्यापेक्षा महिन्याला तीन हजारांनी कमी. आणि एकूण व्याज होतं ५३ लाख. तीन हजार वाचवण्यासाठी साडेवीस लाख जास्त. उलट १५ वर्षं घेतली तर हप्ता २९,५४२, साडेतीन हजारांनी जास्त, आणि व्याज २३ लाख १८ हजारांवर येतं. हे तिन्ही आकडे शेजारी शेजारी मांडून न दाखवता कुणालाही मुदत निवडायला लावणं मला पटत नाही. आता १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेने कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यायला लावलं आहे. सगळी फी धरून वर्षाचा खरा दर किती पडतो ते त्यात असतं, आणि हप्त्यागणिक व्याज किती, मुद्दल किती, याचा तक्ताही. सही करण्याआधी तो तक्ता घरी न्या. नवरा-बायको दोघांनी बसून वाचा. पहिलं पान आणि दहाव्या वर्षाचं पान, एवढं वाचलं तरी पुरे.

दुसरी गोष्ट दराची. आपली बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी गृहकर्जं बाहेरच्या एखाद्या दराला बांधली जातात. बहुतेक बँकांनी रेपो दर धरला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना थोड्या मुदतीचे पैसे देते तो दर. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही, त्यामुळे त्यांचा दर चढतो झटकन आणि उतरायला वेळ लागू शकतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. २०२३ च्या उन्हाळ्यात औसा रोडवरचे एक गुरुजी प्लॅस्टिकच्या पिशवीत फाइल घेऊन घरी आले होते. २०२१ च्या शेवटी त्यांनी पावणेसात टक्क्यांनी ३० लाख घेतले होते, २० वर्षांसाठी, हप्ता २२,८११. "हप्ता तर वाढला नाही, मग काळजी कशाची?" असं ते स्वतःच म्हणत होते, पण बँकेचा एक मेसेज त्यांना खुपत होता. मी कर्जखात्याच्या उताऱ्याच्या मागच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलने मांडलं. बाकी २९ लाखांच्या आसपास. दर आता सव्वानऊ. महिन्याचं व्याज २२,३५४. हप्त्यातून मुद्दलाला उरले ४५७ रुपये. गुरुजींनी तो आकडा बोटाने दाबून धरला आणि परत वाचला. हप्ता हलवलाच नाही तर या चालीने कर्ज फिटायला चाळीस वर्षांच्या वर लागतील. अर्थात बँक तेवढं जाऊ देत नाही. जिथवर मुदत ताणता आली तिथवर तिने ताणली होती, आणि शेवटचा हप्ता गुरुजींच्या निवृत्तीच्या बराच पलीकडे गेला होता. जुन्या मुदतीत कर्ज बसवायचं तर हप्ता साडेचार हजारांनी वाढवायला हवा होता. त्यांनी तो वाढवून घेतला. घरात ओढाताण झाली, पण त्यांचा निर्णय बरोबर होता असं मी आजही म्हणते.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात याबद्दल स्पष्ट नियम केले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराला आहे. दर तिमाहीला उतारा मिळाला पाहिजे आणि त्यात आजवर किती व्याज गेलं, किती मुद्दल गेलं, किती हप्ते उरले, हे लिहिलेलं पाहिजे. हप्त्यातून त्या महिन्याचं व्याजही निघत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही, हेही त्यात आहे. हा उतारा मागा. मोबाइलवर येत असेल तर उघडून बघा, आणि 'उरलेले हप्ते' या एका आकड्यावर नजर ठेवा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो एक टक्क्याने खाली आला तेव्हा मी ओळखीच्या सगळ्यांना एकच सांगत होते: दर उतरला तरी हप्ता उतरवू नका, आहे तोच चालू ठेवा, मुदत आपोआप आत येईल. आणि कर्ज जुनं असेल, रेपोला बांधलेलं नसेल, तर थोडी फी भरून बदलून मिळतं का ते शाखेत जाऊन विचारा. न विचारता कुणी बदलून देत नाही.

आता आगाऊ भरण्याबद्दल. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले म्हणून वैयक्तिक कर्जदाराकडून दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे, तरी "पेनल्टी लागंल ना?" ही भीती अजून गेलेली नाही. आपल्या ३० लाखांच्या कर्जात पहिलं वर्ष संपताना १ लाख जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर अठरा हप्ते कमी होतात आणि सुमारे ३ लाख ७० हजारांचं व्याज वाचतं. तोच १ लाख पंधराव्या वर्षी भरला तर वाचतात ५० हजार. वर्षाला एक हप्ता जादा, असा नेम धरला तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि सहा लाखांच्या वर व्याज वाचतं. भरताना शाखेत लेखी द्या की मुदत कमी करा, हप्ता नको. नाहीतर काही ठिकाणी हप्ताच कमी करून टाकतात आणि मग फायदा बराचसा निसटतो.

हा सल्ला पगारदारांपेक्षाही आपल्याकडच्या ज्या घरात शेती आणि नोकरी दोन्ही आहे त्यांच्या कामाचा आहे, आणि मराठवाड्यात अशी घरं खूप. सोयाबीनचे पैसे दिवाळीच्या आगेमागे येतात, तुरीचे संक्रांतीनंतर, उसाचं बिल कारखान्याच्या मर्जीने. हे पैसे जूनच्या पेरणीपर्यंत बचत खात्यात अडीच-तीन टक्क्यांवर पडून राहतात आणि शेजारच्याच खात्यात आपण साडेआठ टक्के भरत असतो. काही बँका गृहकर्ज ओव्हरड्राफ्ट खात्याच्या रूपात देतात. त्यात जादा पैसे ठेवले की तेवढ्यावरचं व्याज थांबतं आणि लागतील तेव्हा काढताही येतात. दर किंचित चढा असतो, तो तपासा. पण २ लाख रुपये नोव्हेंबर ते मे असे सात महिने त्यात राहिले तर साधारण ९,९०० रुपये व्याज वाचतं, आणि बियाणं-खताच्या वेळी पैसे हातात असतात. नोकरदार मुलाच्या नावावर कर्ज आणि शेती वडिलांकडे, अशा घरांना मी हे आवर्जून सांगते.

मात्र पीककर्ज आधी फेडा. राज्यात ३ लाखांपर्यंतचं पीककर्ज वेळेत भरलं तर सवलतीमुळे शून्य टक्क्याने पडतं. ती तारीख चुकवून घराच्या कर्जात पैसे भरणं हा तोट्याचा सौदा आहे. घरात सोनंतारण असेल, क्रेडिट कार्डाची बाकी असेल, हातउसने असतील, तर तेही आधी. आणि हातात काही ठेवल्याशिवाय एक पैसाही जादा भरू नका. २०१६ च्या उन्हाळ्यात लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं. त्या दिवसांत घरोघरी टँकरचा खर्च होता, आणि असा खर्च कुणी आधी मांडून ठेवलेला नसतो. सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च एवढं बाजूला असू द्या.

"वीस वर्षांनी रुपयाची किंमतच उरणार नाही, मग घाई कशाला?" असं शिकलेली मुलं म्हणतात. त्यात तथ्य आहे. ६२ लाख हा आजच्या रुपयांतला आकडा नाही, आणि ज्याचा पगार महागाई भत्त्याने, वेतन आयोगाने वाढतो त्याला दहाव्या वर्षीचा हप्ता पहिल्या वर्षीसारखा जड जात नाही. ठेवीवर किंवा आणखी कुठे साडेआठ टक्क्यांपेक्षा जास्त, कर जाऊन, खात्रीने मिळत असेल तर जरूर तिथे ठेवा. पण शेतमालाचा भाव असा वर्षागणिक चढत नाही. २०२४-२५ ला सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता आणि आडतीवर सौदे त्याच्या खाली होत होते. ज्यांचा हप्ता अशा पैशावर चालतो त्यांनी महागाई आपलं कर्ज हलकं करील या भरवशावर राहू नये.

कराचं थोडक्यात: राहत्या घराच्या व्याजावर २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत मिळते, नव्या पद्धतीत नाही. नुसती वजावट मिळते म्हणून कर्ज लांबवणं कुठल्याच हिशेबात बसत नाही.

विम्याकडेही बघा. कर्ज मंजूर होताना एकरकमी विमा पुढे करतात आणि त्याची रक्कम कर्जातच मिसळतात. घरातला कमावता माणूस गेला तर कर्ज फिटावं म्हणून विमा हवाच, मी त्याच्या पूर्ण बाजूची आहे. पण कर्जात मिसळलेला १ लाखाचा विमा २० वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो. साधा टर्म विमा, म्हणजे माणूस गेला तरच पैसे देणारा, वेगळा घ्या, त्याचा हप्ता वेगळा भरा.

आणि कर्ज संपल्यावर नुसता 'निल' दाखला, म्हणजे काही बाकी नाही असा कागद, घेऊन घरी येऊ नका. घराचे मूळ कागद बँकेने ३० दिवसांत परत द्यायचे असतात. तिच्याकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कागद मोजून, यादीशी ताडून घ्या. मग तलाठ्याकडे किंवा सिटी सर्व्हे ऑफिसात अर्ज देऊन जागेच्या उताऱ्यावरचा कर्जाचा बोजा कमी करून घ्या, आणि महिन्या-दोन महिन्यांनी नवा उतारा काढून तो खरंच उतरलाय का ते बघा.