तुम्ही विचारलंत म्हणून: स्वतःचं दुखणं विधीतून मांडावं का?

सांगली-साताऱ्याकडची नाटकवाली मुलं-मुली हा प्रश्न वरचेवर विचारतात. घरातला मृत्यू, लहानपणीचा मार, अत्याचार असं काही स्वतःच्या देहानेच सादर करायचं असतं. त्यात गोंधळाचा चौक (धान्याने मांडलेली आकृती), पोतराजाचा आसूड, दिवटी, भंडारा, अंगात येणं घ्यावं का?

घ्यावं. पण बसवायला सुरुवात शेवटापासून करा. गोंधळात चौक भरतात, घट मांडतात, देवदेवतांना नावानिशी बोलावतात, आख्यान लावतात आणि आरती झाल्यावरच उठतात. नवे कलावंत आवाहन तेवढं उचलतात आणि ऐन भरात दिवे घालवतात. प्रेक्षक घरी जातात, कलावंताचं अंग मात्र तिथेच अडकून पडतं. प्रयोग चाळीस मिनिटांचा असेल तर शेवटची दहा उतरवणीला ठेवा: संबळाची लय हळूहळू खाली, तोंड धुणं, कपडे बदलणं, चौक स्वतःच्या हाताने पुसणं. हे प्रेक्षकांसमोरच करा, तो प्रयोगाचाच भाग आहे.

अंगात येण्याला शरीराचीही बाजू आहे. लय चढते तसा श्वास भराभर होतो, रक्तातला कार्बन डायऑक्साइड घटतो, मेंदूतल्या रक्तवाहिन्या आकसतात. बोटांना मुंग्या येतात, बोटं वाकडी होतात, भोवळ येते. आघात सोसलेल्या माणसापुढे नेमका तेव्हाच जुना प्रसंग उभा राहू शकतो, आणि बघणाऱ्याला तो कसदार अभिनय वाटतो. स्वतःच्या देहानेच प्रयोग करणाऱ्या मरीना अब्रामोविच या कलावंतीणीने 1974 साली बेलग्रेडमध्ये चांदणीच्या आकाराच्या पेटत्या चौकटीत झोपून प्रयोग केला. आगीने प्राणवायू कमी पडून ती बेशुद्ध झाली, तरी बराच वेळ कुणाच्या लक्षात आलं नाही. शेवटी प्रेक्षकांनीच तिला बाहेर काढलं. म्हणून एक सोबती असा हवा, ज्याला प्रयोगात काहीच काम नाही आणि वाद्य थांबवायचा पूर्ण अधिकार आहे. खूण शब्दाची नको, हाताची ठेवा. भरात शब्द फुटत नाही. थांबवल्यावर खाली बसवा, रोजच्या नावाने हाक मारा, चार मोजून श्वास घ्यायला आणि सहा मोजून सोडायला सांगा. गच्च धरू नका, तोंडाला पिशवी लावू नका. छातीत दुखलं किंवा झटके आले तर सरळ दवाखाना.

कुठलं दुखणं घ्यायचं? जे एका माणसाला समोर बसून, न थरथरता सांगता येतं ते. बाकीचं आधी समुपदेशकाकडे न्या.

दिवटीला खाद्यतेल वापरा, रॉकेल-पेट्रोल अजिबात नको. अंगावर सुती कपडा हवा. नायलॉन वितळून कातडीला चिकटतं. वाळूची बादली आणि ओलं पोतं हाताशी असू द्या. सांगलीत हळद मुबलक म्हणून भंडारा मुठीमुठीने उधळायचा मोह होतो, पण हवेत तरंगणारी कुठलीही बारीक पूड ज्योतीपाशी भडकते. 2015 साली तैवानमध्ये रंगीत मक्याच्या पिठाने असाच पेट घेतला आणि 15 जणांचा जीव गेला. ज्योत पेटती असताना भंडारा कपाळाला लावा किंवा जमिनीवर सोडा, वर उधळू नका. आसूड नाटकातला असला तरी दोरी मऊ सुताची हवी.

राहिला कायदा. जादूटोणाविरोधी कायदा 2013 चा. डॉ. दाभोलकर साताऱ्याचेच, त्यामुळे इथला प्रेक्षक या बाबतीत जागा असतो. अंगात संचार झाल्याचं भासवून लोकांना भीती घालणं गुन्हा आहे. सुरुवातीलाच ‘हा प्रयोग आहे’ असं मोठ्याने सांगा. प्रेक्षकाला अंगारा देऊ नका, प्रश्न सोडवतो म्हणू नका, त्याच्या परवानगीशिवाय त्याच्या अंगाला हात लावू नका.