बंबातली राख

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून पाठव असा ग्रुपवर मेसेज आला आणि मला ग्राउंड, गॅदरिंग वगैरे काही आठवलंच नाही, डायरेक्ट आपल्या भूगोलाच्या बाई आठवल्या. बाकीच्या सरांनी राग मानू नये.

आठवीत अमेरिकेचे पर्वत चालू होते. रॉकी, ॲपलाचियन नकाशात भरून झाले आणि कॅस्केडला आल्यावर बाईंनी शिपाईमामांकडून चक्क बंबातली राख मागवली. टेबलावर ढीग केला, वरून पाणी शिंपडून थापला, आत कोरडीच. "ज्वालामुखी शेंड्यातूनच फुटतो असं कोणी सांगितलं?" म्हणाल्या आणि टेबलाला खालून गुडघा मारला. ढिगाची एक बाजू घसरली, वर पंखा फुल, आतली सगळी राख पहिल्या बाकावर, म्हणजे माझ्या तोंडावर! मी शिंकतोय, वर्ग हसतोय आणि बाई शांतपणे सांगतायत, हा माउंट सेंट हेलेन्स, १८ मे १९८०, आत लाव्हारस चढत होता म्हणून उत्तरेची बाजू कित्येक आठवडे फुगत होती, भूकंपाने ती कोसळली, कुकरचं झाकण उडावं तसा दाब मोकळा झाला आणि स्फोट आडवा गेला. ५७ माणसं गेली म्हटल्यावर मात्र वर्ग गप्प.

आता मी सिएटलला असतो, सॉफ्टवेअरमध्ये. आकाश मोकळं असलं की किचनच्या खिडकीतून ४३९२ मीटरचा रेनियर ज्वालामुखी दिसतो, इथले लोक "आज माउंटन बाहेर आलाय" म्हणतात. दिसायला अगदी साधाभोळा, पण बर्फ वितळून चिखलाचा लोंढा येईल म्हणून पायथ्याच्या ऑर्टिंग गावात शाळेची पोरं उंचावर पळायचं ड्रिल करतात. सेंट हेलेन्सही बघून आलो. उत्तरेची बाजूच नाही, नुसती घोड्याची नाल. २९५० मीटरचा डोंगर २५४९ वर आलाय. बायको फोटो काढत होती आणि मला उगाच नाकात राख गेल्यासारखं झालं.

शाळेत आता स्मार्ट बोर्ड आलेत म्हणे. असू देत, पण व्हिडिओ बघून कोणाला शिंका येतात?

सेंट हेलेन्सजवळच्या दुकानात तिथल्या राखेची छोटी बाटली मिळाली, ती मागच्या दिवाळीत बाईंना नेऊन दिली. त्यांनी चष्मा वर करून, उजेडात धरून बघितली आणि म्हणाल्या, "आपल्या बंबातली जास्त बारीक होती रे."